उन्हाचा अभ्यास

चैत्र सरत आला की इंदूर, ग्वाल्हेर, हैदराबाद यांसारख्या शहरांतील रस्ते दुपारी ओस पडू लागतात. दुकानांवर पडदे उतरतात, घरांची दारे लोटली जातात आणि माठातील पाण्याला अमृताची गोडी येते. परंतु दुपार घरात काढणे सर्वांनाच परवडत नाही. इमारतीचा पाया खणला जात असतो, रस्त्यावर खडी पसरली जात असते, पोलीसभरतीसाठी तरुण मैदानावर धावत असतात. उन्हाळा थांबत नाही आणि पोटही थांबत नाही.

अशा एखाद्या बांधकामावर दोन मजूर शेजारी शेजारी खोदकाम करीत आहेत अशी कल्पना करावी. दोघेही पंचविशीचे, बांध्याने सारखे. एक जण महिनाभर तेथेच राबत आहे. दुसरा आतापर्यंत एका गोदामात सावलीत बसून मालाची मोजदाद ठेवीत होता. ते काम सुटले म्हणून त्याने आज सकाळीच फावडे हाती घेतले आहे. सूर्य माथ्यावर येतो तो या नवख्याचे डोके ठणकू लागते, पोटात ढवळते, छाती धडधडते. जुना मजूर घामाने निथळत असतो, पण त्याचे फावडे चालूच असते. मुकादम दुरून पाहतो आणि म्हणतो, 'गडी नाजूक दिसतो.'

मुकादमाचे हे निदान चुकीचे आहे. नवखा नाजूक नाही, आळशीही नाही. त्याच्या शरीराचा उन्हाचा अभ्यास झालेला नाही, एवढेच. अभ्यास हा शब्द येथे त्याच्या जुन्या अर्थाने, म्हणजे रोजच्या सरावाने अंगी बाणणारी गोष्ट या अर्थाने घ्यावयाचा. हा अभ्यास शरीर कसे करते, त्याला किती दिवस लागतात आणि तो पुरा होण्यापूर्वीच परीक्षा घेतली तर काय होते, हे समजून घेणे आज फार अगत्याचे झाले आहे.

प्रथम हे ध्यानात घ्यावे की, श्रम करणाऱ्याला केवळ बाहेरचेच ऊन सोसावे लागत नाही. त्याच्या अंगातही एक भट्टी पेटलेली असते. स्नायू काम करतात तेव्हा अन्नातून मिळालेल्या शक्तीचा जेमतेम पाचवा ते चौथा हिस्सा प्रत्यक्ष कामी येतो; बाकीची सारी उष्णता होते. फावड्याच्या मध्यम कामात अशी सुमारे ३०० किलोकॅलरी उष्णता दर तासाला निर्माण होते. साठ किलो वजनाच्या शरीराचे तापमान एक अंश सेल्सिअसने वाढावयास सुमारे ५० किलोकॅलरी पुरतात. हिशेब सोपा आहे. ही उष्णता बाहेर गेलीच नाही, तर एका तासात शरीराचे तापमान सहा अंशांनी वाढेल, म्हणजे ३७ वरून ४३ अंशांवर जाईल. आणि तेथे जीव वाचण्याची आशा फारशी उरत नाही. काम करणारा प्रत्येक मनुष्य तासातासाला या संकटातून पार पडत असतो, हे आपल्या लक्षातही येत नाही.

त्याला पार पाडणाऱ्या शक्ती दोन : एक रक्ताभिसरण आणि दुसरी घाम. रक्त शरीराच्या गाभ्यातील उष्णता उचलून त्वचेपर्यंत आणते. हवा त्वचेहून थंड असली तर ती उष्णता परस्पर हवेत निघून जाते. परंतु हवेचे तापमान ४० अंशांच्या पुढे गेले म्हणजे प्रवाह उलटतो. हवाच शरीराला तापवू लागते. मग एकटा घाम उरतो. एक लिटर घाम त्वचेवर पुरता वाळला तर तो सुमारे ५८० किलोकॅलरी उष्णता घेऊन जातो. घाम वाळला पाहिजे, ही अट मात्र विसरता येत नाही. जो घाम टपटप जमिनीवर गळतो, तो शरीरातले पाणी नेतो, पण उष्णता नेत नाही.

घामाचे हे सामर्थ्य केवढे आहे, याची प्रचीती चार्ल्स ब्लॅग्डन या इंग्रज वैद्याला १७७४ साली आली. लंडनमध्ये एक खोली त्याने व त्याच्या मित्रांनी इतकी तापविली की, तिच्यातील कोरड्या हवेचे तापमान पाण्याच्या उत्कलनबिंदूच्याही वर गेले. त्या खोलीत हे लोक काही मिनिटे उभे राहिले. तेथे ठेवलेली अंडी कडक शिजली, मांसाचा तुकडा भाजून निघाला. माणसे मात्र धडधाकट बाहेर आली आणि त्यांच्या अंगाचे तापमान फारसे चढलेले नव्हते. मांस शिजले आणि माणूस शिजला नाही, याचे एक मोठे कारण घाम. जिवंत शरीर स्वतःला थंड ठेवीत होते.

ही झाली कोरड्या हवेची गोष्ट. हवा दमट असली म्हणजे घाम वाळत नाही, आणि चित्र पालटते. जॉन स्कॉट हॉल्डेन या शास्त्रज्ञाने इंग्लंडमधील कॉर्नवॉलच्या खाणींत आणि अन्यत्र याचा अभ्यास करून १९०५ साली आपले निष्कर्ष प्रसिद्ध केले. तापमापकाच्या फुग्याला ओली चिंधी गुंडाळली म्हणजे त्याचा पारा हवेच्या कोरडेपणानुसार खाली येतो. हवा जितकी दमट तितका तो कमी उतरतो. वारा नसलेल्या जागी या ओल्या तापमापकाचा पारा सुमारे ३१ अंशांच्या वर गेला की, उघड्या अंगाने स्वस्थ बसलेल्या माणसाचेही तापमान चढू लागते, असे हॉल्डेनला आढळले. श्रम करणाऱ्याची मर्यादा अर्थात त्याहूनही खाली. म्हणूनच ग्वाल्हेरचे ४३ अंशांचे कोरडे ऊन सोसणारा माणूस गोव्याच्या किंवा मुंबईच्या ३४ अंशांच्या दमट उकाड्यात हैराण होतो. उन्हाळा केवळ तापमापकाच्या आकड्यावरून मोजणे हे पुस्तकाचे वजन करून त्यातील विद्या मोजण्यासारखे आहे.

आता शरीराच्या अभ्यासाकडे वळू. उन्हात काम करणाऱ्याच्या हृदयावर दुहेरी मागणी असते. स्नायूंना प्राणवायूसाठी रक्त हवे आणि त्वचेला उष्णता टाकण्यासाठी रक्त हवे. एकाच टाकीवरून दोन आळ्यांना एकाच वेळी पाणी सोडावे आणि टाकी मात्र लहान असावी, तशी नवख्याची स्थिती होते. हृदय धावून धावून ही तूट भरून काढू पाहते; त्याच्या छातीतील धडधड ती हीच. ती भरून निघाली नाही तर मेंदूकडे जाणारे रक्त कमी पडते आणि माणूस चक्कर येऊन पडतो.

असा माणूस रोज काही वेळ, झेपेल इतकेच काम उन्हात करीत राहिला, तर तिसऱ्या-चौथ्या दिवसापासूनच पालट दिसू लागतो. सर्वांत आधी टाकी मोठी होते. रक्तातील द्रवभाग वाढतो. दोन्ही आळ्यांना पुरेल इतके रक्त मिळाल्यामुळे, तेच काम करताना हृदयाचे ठोके पहिल्या दिवसापेक्षा स्पष्टपणे कमी पडतात. पाठोपाठ घर्मग्रंथी आपला धडा शिकतात. त्यांची संख्या वाढत नाही. ती लाखांच्या घरात आधीच असते. परंतु प्रत्येक ग्रंथी अधिक काम करू लागते आणि मुख्य म्हणजे लवकर करू लागते. पूर्वी अंग पुरते तापल्यावर घाम सुटे; आता अंग जरासे तापताच सुटतो. आग भडकल्यावर बंब आणण्याऐवजी ठिणगीवरच पाणी पडते. आठवडा ते दोन आठवडे हा क्रम चालला की अभ्यास बहुतेक पुरा होतो.

यातील मिठाची गोष्ट मोठी नवलाची आहे. नवख्याचा घाम खारट असतो. त्यातून बरेच मीठ वाया जाते. सरावलेल्या माणसाच्या घामात मीठ पुष्कळ कमी असते, कारण घाम बाहेर पडण्यापूर्वीच ग्रंथी त्यातील मीठ परत शोषून घेतात. दुसऱ्या महायुद्धाच्या काळात दमट प्रदेशांत लढणाऱ्या सैनिकांचा प्रश्न पुढे आला तेव्हा अमेरिकेतील मिशिगन विद्यापीठात जेरोम कॉन हे डॉक्टर याचा शोध घेत होते. मूत्रपिंडांवर टोपीसारख्या बसलेल्या अधिवृक्क ग्रंथींचा एक स्राव ही काटकसर घडवून आणीत असला पाहिजे, असे त्यांच्या ध्यानात आले. १९५३ साली तो स्राव हाती आला. त्याला आज आल्डोस्टेरॉन म्हणतात. पुढे १९५५ साली कॉन यांनी याच स्रावाच्या अतिरेकाने रक्तदाब वाढविणारा एक रोग दाखवून दिला आणि त्याला त्यांचेच नाव मिळाले. घामाच्या थेंबाचा माग काढीत निघालेला माणूस असा रोगनिदानाच्या दाराशी येऊन पोहोचला.

परंतु उन्हाचा अभ्यास पहिल्याने मोठ्या प्रमाणावर करविला गेला तो प्रयोगशाळेत नव्हे, तर दक्षिण आफ्रिकेतील विटवॉटर्सरँडच्या सोन्याच्या खाणींत. खाण जसजशी खोल जाते तसतसा खडक गरम लागतो. शिवाय दगडाच्या धुळीने फुप्फुसे निकामी होऊ नयेत म्हणून खडकावर पाणी मारावे लागे, आणि त्यामुळे तेथील हवा ओलाव्याने भरून जाई. एका रोगावरील उपाय दुसऱ्या मृत्यूला वाट करून देऊ लागला. १९२० नंतरच्या दशकात तेथे उष्माघाताने मजूर मरू लागले, तेव्हा ड्रिओस्टी या डॉक्टरने नव्या मजुरांना तापविलेल्या दमट खोलीत दगड उपसावयास लावून, कोणाचे शरीर कितपत तापते हे पाहण्याची पद्धत सुरू केली आणि कच्च्या माणसांना सावकाश सरावास लावले. पुढे तर नव्या मजुरांकडून रोज चार तास असे आठ दिवस अशा खोलीत पायरी चढण्या-उतरण्याचा सराव करवून घेऊन मगच त्यांना खाली पाठवीत. यामागे केवळ दया होती असे म्हणता येणार नाही. ते कृष्णवर्णीय मजूर दूरदूरच्या मुलखांतून आणलेले, कमी वेतनावर राबणारे होते आणि माणूस मेला की काम अडे. तथापि ज्या व्यवहाराने माणसाकडे अवजार म्हणून पाहिले, त्यालाही एक गोष्ट कबूल करावी लागली : या अवजाराला तयार होण्यास दिवस लागतात.

उन्हाच्या सरावाविषयी आपल्याकडे काही समजुती दृढ आहेत. त्यांतील एक फार घातक आहे. 'काम करताना पाणी पिऊ नये, अंगाला तहानेची सवय होते,' असे कित्येक तालीमबाज आणि कवायत शिकविणारे आजही सांगतात. शरीर उन्हाला सरावते, तहानेला सरावत नाही. किंबहुना सराव झालेल्या माणसाला अधिक घाम येतो, म्हणून त्याला पाणीही अधिकच लागते. पाणी तोडून सराव करविणे म्हणजे विहीर आटवून मोट हाकणे होय. दर वीस-पंचवीस मिनिटांनी थोडे थोडे पाणी पिणे श्रेयस्कर. मीठ बहुतेकांना रोजच्या जेवणातून पुरेसे मिळते. नवख्याला पहिले काही दिवस मिठाचे ताक किंवा पन्हे दिले तर ते उपकारकच ठरेल. उलट, तहान नसताना भांडीच्या भांडी नुसते पाणी रिचविणेही बरे नव्हे. त्याने रक्तातील क्षारांचे प्रमाण बिघडते.

दुसरी समजूत अशी की, जो बळकट त्याला ऊन बाधत नाही. व्यायामाने कसलेले शरीर हा अभ्यास लवकर करते, हे खरे. परंतु अभ्यास त्यालाही चुकत नाही. १९५४ सालच्या ऑगस्टमध्ये व्हँकूव्हर येथे झालेल्या मॅरेथॉन शर्यतीत इंग्लंडचा जिम पीटर्स हा त्या काळचा अव्वल धावपटू इतरांना मैलांनी मागे टाकून क्रीडांगणात शिरला. ऊन कडक होते आणि त्याने वेग आवरला नव्हता. शेवटच्या फेरीत तो पुनःपुन्हा कोसळला, पुनःपुन्हा उठला आणि अखेर शेवटची रेषा न गाठताच त्याला उचलून न्यावे लागले. तो वाचला, पण पुन्हा कधी शर्यतीत उतरला नाही. २०१९ साली कतारमधील दोहा येथे जागतिक स्पर्धेतील स्त्रियांची मॅरेथॉन ऊन टाळण्यासाठी मध्यरात्री ठेवली होती. तरीही दमट उकाड्यामुळे ६८ पैकी २८ जणींना शर्यत अर्धीच सोडावी लागली. जगातील निवडक शरीरांची ही गत, तर नोकरीसाठी धावणाऱ्या साध्या मुलाची काय कथा? २०१४ सालच्या जून महिन्यात मुंबईत पोलीसभरतीच्या वेळी पाच किलोमीटर धावण्याच्या चाचणीत काही उमेदवारांचा मृत्यू झाला. चाकरीच्या आशेने घर सोडलेल्या मुलाचे प्रेत परत यावे, याहून मोठे दुर्दैव त्या आईबापांना कोणते?

या साऱ्यातून निष्पन्न होणारा नियम एकच आहे : खरा धोका पहिल्या दिवसांत असतो. अमेरिकेतील कामगार-सुरक्षा खात्याने मोकळ्या जागी काम करताना उष्णतेने मेलेल्यांची पाहणी केली, तेव्हा त्यांपैकी ५० ते ७० टक्के माणसे कामाच्या पहिल्या काही दिवसांतच मेल्याचे दिसून आले. म्हणून तेथील तज्ज्ञ सांगतात की, नव्या माणसाला पहिल्या दिवशी उन्हातील पूर्ण कामाचा फक्त पाचवा हिस्सा द्यावा आणि दररोज तेवढाच वाढवीत पाचव्या दिवशी त्याला पुऱ्या कामावर आणावे. जो पूर्वी सरावलेला आहे, पण मध्यंतरी खंड पडला आहे, त्याला पहिल्या दिवशी निम्मे, दुसऱ्या दिवशी ६० टक्के, तिसऱ्या दिवशी ८० टक्के आणि चौथ्या दिवशी पूर्ण काम द्यावे.

हा खंडाचा मुद्दा महत्त्वाचा आहे, कारण उन्हाचा अभ्यास जितक्या लवकर येतो तितक्याच लवकर विसरतोही. चार दिवसांच्या सुटीने फारसे बिघडत नाही. आठवडा उलटला की सराव ओसरू लागतो आणि तीन-चार आठवड्यांत बहुतेक नाहीसा होतो. लग्नकार्यासाठी महिनाभर गावी राहून आलेला, तापातून उठलेला किंवा वळवाच्या थंडाव्यानंतर एकाएकी कडक उन्हात उभा राहिलेला जुना मजूर हादेखील नवखाच होय. त्याची नोंदवही जुनी असेल, रक्त मात्र नवे विद्यार्थी झालेले असते.

अभ्यासालाही मर्यादा आहेत, हे सांगितले पाहिजे. म्हातारी माणसे, तान्ही मुले, गरोदर स्त्रिया, हृदयाचे आणि मूत्रपिंडाचे रोगी यांच्याकडून अशा सरावाची अपेक्षा करणे योग्य नव्हे. अमेरिकेतील पेनसिल्व्हेनिया राज्य विद्यापीठात तरुण, निरोगी माणसांवर केलेल्या आणि २०२२ साली प्रसिद्ध झालेल्या प्रयोगांत दमट हवेतील मर्यादा ओल्या तापमापकावर पुन्हा ३१ अंशांच्या आसपासच निघाली. हॉल्डेननंतर शंभरांहून अधिक वर्षे लोटली. यंत्रे बदलली, माणसाचे शरीर बदलले नाही. हवा मात्र तापत चालली आहे. २०१० सालच्या मे महिन्यात अहमदाबादेत जी उष्णतेची लाट आली, तिच्यात एरवीपेक्षा तेराशेंहून अधिक मृत्यू जास्त झाले. त्यानंतर २०१३ साली त्या शहराने उन्हाळ्यापूर्वी इशारे देण्याची, पाण्याची आणि रुग्णालयांच्या सज्जतेची योजना आखली. बडोद्यापासून हे शहर काही दूर नाही, आणि धडा तर सर्वांनाच जवळचा आहे.

इतके करूनही कोणी कोसळलाच, तर काय करावे? उन्हात काम करणारा माणूस असंबद्ध बोलू लागला, झिंगल्यासारखा चालू लागला किंवा बेशुद्ध पडला, तर तो उष्माघात समजावा. अंग कोरडे पडले तरच उष्माघात, ही समजूत चुकीची आहे. श्रमाने आलेल्या उष्माघातात अंग घामाने भिजलेलेही असते. त्याला सावलीत आणावे, जाड कपडे काढावे, हौदात किंवा टाकीत थंड पाणी असेल तर डोके वर धरून त्यात बसवावे. नसेल तर बादल्यांनी पाणी ओतीत राहून जोराने वारा घालावा. शुद्ध नसलेल्याच्या तोंडात पाणी घालू नये. वाहन बोलवावे, पण ते येईपर्यंत पाणी ओतणे थांबवू नये. पहिल्या अर्ध्या तासात शरीर थंड झाले तर जीव वाचण्याची आशा पुष्कळ असते.

आता पुन्हा त्या बांधकामावर जाऊ. नवखा मजूर सावलीत बसला आहे, आणि मुकादमापुढे दोन मार्ग आहेत. त्याला नाजूक म्हणून हिणवून पुन्हा उन्हात उभे करावे, किंवा आज दोन तास काम देऊन उरलेला वेळ सावलीतल्या कामाला लावावे, उद्या थोडे अधिक द्यावे आणि पूर्ण रोज त्याच्या हातावर ठेवावा. रोज कापला गेला तर तो मजूर चक्कर लपवील आणि फावडे सोडणार नाही. मग सारे शास्त्र व्यर्थ. आठवड्याच्या आत हाच माणूस जुन्या गड्याच्या खांद्याला खांदा लावून उभा राहील. पहिल्या दिवशी वर्गात आलेल्या मुलाला शेवटच्या धड्यावरचा प्रश्न कोणी विचारीत नाही. शरीरालाही तेवढीच सवलत हवी आहे. तिची मुदत फार तर पंधरा दिवसांची आहे.